आईच्या खोलीतलं मशीन

आमच्या घरात कुठलंही यंत्र बिघडलं की ते मी उघडते. आमचे हे धाटावच्या कंपनीत शिफ्टमध्ये भल्यामोठ्या टाक्यांचे व्हॉल्व्ह सांभाळायचे, पण घरातल्या ट्यूबलाइटचा स्टार्टर बदलायचा म्हटलं की चेहरा गणिताच्या पेपरला बसल्यासारखा. त्यामुळे माझ्या शिवणाच्या डब्यात दोन स्क्रूड्रायव्हर कायमचे मुक्कामाला असतात. मिक्सर, इस्त्री, टेबलफॅन, सगळ्यांची पोटं मी उघडून पाहिली आहेत. तरी तो व्हॅक्यूम क्लीनर उघडायला मला महिनाभर धीर झाला नाही. उघडल्यावर आत काय सापडणार ते मला पक्कं ठाऊक होतं, निदान तसं मी धरून चालले होते, आणि तेच बघवणार नव्हतं.

ते मशीन माझ्याकडे आलं नणंदेमुळे. वन्सं मस्कतचा संसार गुंडाळून परत आल्या तेव्हा सामानात हे दांडीवालं उभं धूड होतं. ठाण्याच्या फ्लॅटमध्ये त्याला ठेवायला जागा नव्हती. "तुला यंत्रांची हौस आहे, तूच ने," म्हणाल्या. त्याच्या चौकोनी पायांच्या प्लगला रोह्याच्या आमच्या भिंतीत कुठे जागा मिळेना, तेव्हा वायर कापून नवा प्लग मीच जोडला. मशीनच्या तळाशी लाटण्याएवढा एक गोल ब्रश होता. मोटर एका रबरी पट्ट्यानं तो गरागरा फिरवायची, ब्रश सतरंजीतली धूळ उठवायचा आणि मशीन ती पिशवीत ओढून घ्यायचं. वन्संनी एक जादा पट्टाही दिला. "हा कधी ना कधी तुटतो. इथं मिळायचा नाही, जपून ठेव." तो मी शिवणाच्या डब्यात ठेवला.

त्या मशीनला एकच खोड होती, ती म्हणजे केस. माझे आणि माझ्या मुलीचे लांब केस त्या ब्रशला असे काही गुंडाळले जायचे की अधूनमधून तळाची पट्टी उघडून ते कात्रीनं कापून काढावे लागत. मी ते करायला बसले की मुलगी म्हणायची, "आई मशीनची वेणी उसवतेय." गाद्या, सतरंज्या, पायपुसणी, मी सगळ्यांवर ते फिरवायची. खरं सांगायचं तर माझा त्याच्यावर फार जीव होता.

माझं माहेर पेणचं. घरामागे गणपतीचा कारखाना, वडिलांनी सुरू केलेला आणि भावानं वाढवलेला. आईनं जन्मभर तिथं घासायचं काम केलं. साच्यातून निघालेला कच्चा गणपती मांडीवर घ्यायचा आणि आधी कानस, मग पॉलिश पेपर घेऊन गुळगुळीत करत बसायचं. वडिलांच्या वेळी शाडू होता. पुढे प्लॅस्टर आलं आणि त्याच्याबरोबर ती पिठासारखी पांढरी धूळ आली. आईला दमा जडला. डॉक्टरांनी सांगितलं, धुळीपासून लांब ठेवा.

आता पेणमध्ये गणपतीच्या कारखानदाराच्या घरात धुळीपासून लांब म्हणजे माणसाला ठेवायचं कुठे? सीझनमध्ये आमच्या आळीत माणसं ओटीवर झोपतात आणि खोल्यांमध्ये गणपती वाळतात. पंखा देवाला, डास माणसांना. त्यात कुणाला काही वावगं वाटत नाही, लहानपणी मलाही वाटलं नव्हतं. मी आईला रोह्याला न्यायला गेले, तर ती जागची हलेना. जावयाच्या घरी राहायचं म्हणजे तिच्या मते लाज सोडणं होतं. आमच्या यांनी दोनदा जाऊन हात जोडले, पण ती चहा पाजून परत पाठवायची.

शेवटी भावानंच तोड काढली. तो माझ्यापेक्षा बराच लहान. मी त्याला कडेवर घेऊन फिरवलेला आहे, त्याचं नाक पुसलेलं आहे, त्याला पहिलीतली मुळाक्षरं मी शिकवलेली आहेत. तो म्हणाला, "ताय, रस्त्याकडची खोली आईची. तिथं गणपतींची एक फळी जायची नाय. तुझ्या गळ्याची शपथ." मी म्हटलं, ठीक आहे, मग माझं मशीनही त्या खोलीत राहील आणि तू ते रोज फिरवशील. तो म्हणाला, रोज.

मशीन मी पॅसेंजरनं नेलं. त्याची दांडी खिडकीला लागत होती आणि पोट लोकांच्या पायांत येत होतं. कासूला गाडी थांबली तेव्हा टोपली घेऊन चढलेल्या एका बाईनं त्याच्याकडे डोळे वटारून पाहिलं. "ह्या काय हाय गो, बाय?"

"धूळ ओढायचं मशीन."

"मंग झारू काय मेला?"

सगळा डबा हसला. मी म्हटलं, आईला दमा आहे, तिच्या खोलीत ठेवायचंय. तशी त्या बाईनं आपली टोपली पायांनी सरकवून मशीनला जागा करून दिली. पेणला उतरताना दांडी धरायलाही तीच उठली.

त्यानंतर दर रविवारी सकाळी माझा फोन जायचा. आई फोनवर ओरडून बोलायची, जणू पेणहून रोह्याला आवाज नुसता तोंडानंच पोचवायचा आहे. मी विचारायची, मशीन फिरवतो का गं? "व्हय गो, रोज फिरवतो. रोज. खोली कशी ताटासारखी लखलखते." मध्येच खोकल्याची उबळ यायची. मी काळजीनं विचारलं की म्हणायची, "हवाच तशी हाय गो. तू तुझं बघ."

मी जायची तेव्हाही खोली खरोखर लखलखीत असायची. ओली फरशी, बंद खिडक्या, आई पलंगावर उशीला टेकून बसलेली आणि कोपऱ्यात मशीन, वर टॉवेल टाकलेला. जायच्या आधी मी फोन करायची. शाळेची नोकरी होती, गाडीच्या वेळा बघाव्या लागत. शिवाय माहेरी न सांगता जाऊन भावजयीची तारांबळ करू नये, हे मला आईनंच शिकवलं होतं.

आई श्रावणात गेली. कारखान्यात रंगकामाची घाई होती, आळीत पाय ठेवायला जागा नव्हती. मी पोचले तेव्हा तिला अंगणात आणलेलं होतं. भाऊ माझ्या गळ्यात पडून लहान मुलासारखा रडला. त्याच्या हाताला गुलाबी रंग होता, तो माझ्या साडीला लागला, आणि ती साडी मी मुद्दाम धुतली नाही. शेवटच्या घटकेला मी जवळ नव्हते, ते मनाला फार लागलं होतं. पण एक गोष्ट मी घट्ट धरून होते. तिचा शेवटचा श्वास तरी स्वच्छ हवेत गेला. भेटायला येणाऱ्या प्रत्येकाला मी हे सांगत सुटले. शाळेत टीचर्स रूममध्ये सांगितलं, शेजारी सांगितलं, वन्संना फोन करून सांगितलं. मुलगा असावा तर असा, म्हणून त्याचं कौतुक करताना माझं तोंड दुखायचं नाही.

भाऊबीजेला तो रोह्याला आला. आईचं वर्ष चालू होतं, ओवाळायचं नव्हतं, तरी आला. येताना मशीन घेऊन आला. पुसून लख्ख केलेलं, पिशवी धुऊन वाळवलेली. मला भरून आलं. त्याला जेवायला वाढलं, जाताना डबा दिला. दारात चपला घालताना म्हणाला, "ब्रश तेवढा फिरत नाय, ताय. पट्टा गेला असंल."

आता मी महिनाभर का थांबले ते सांगते. आईचे केस पांढरेशुभ्र होते, लांब आणि विरळ. दिवसभर ते गळायचे. उशीवर, पदरावर, कपबशीत. ज्या खोलीत ती वर्षभर राहिली त्या खोलीत हे मशीन रोज फिरलं होतं. म्हणजे ब्रशवर तिचे केस असणारच. पट्टा बदलायचा तर तळ उघडायला हवा, आणि तळ उघडला की ते समोर येणार. कात्री लावायची? टाकून कसे द्यायचे? मी एक धुतलेला रुमाल काढून शिवणाच्या डब्यात ठेवला होता, ते केस ठेवायला. रोज डब्याकडे बघायची आणि उद्यावर टाकायची.

एका रविवारी दुपारी बसलेच. जमिनीवर वर्तमानपत्र पसरलं, मशीन आडवं केलं, स्क्रू काढले, तळाची पट्टी उचलली.

पट्टा तुटलेला होता. पण तो माझ्या मशीनचा पट्टाच नव्हता. सायकलच्या ट्यूबची कापलेली काळी पट्टी होती, दोन टोकं सोल्युशननं चिकटवलेली. कारखान्यात साच्याचे भाग एकमेकांवर आवळायला अशाच पट्ट्या वापरतात, लहानपणी मी त्या ढिगानं कापल्या आहेत. म्हणजे खरा पट्टा केव्हाच तुटला होता आणि त्यांनी साच्याची पट्टी घालून काम भागवलं होतं. जादा पट्टा माझ्याकडे आहे हे भावाला माहीत होतं. एका फोनचं काम. मग मागितला का नाही? मागितला असता तर मी विचारलं असतं, एवढ्याशा खोलीत पट्टा इतक्या लवकर तुटला कसा?

मग मी ब्रशकडे पाहिलं. त्याच्या केसाळ रांगांमध्ये प्लॅस्टर बसून दगड झालं होतं. त्यात गणपतीच्या अंगाचा गुलाबी रंग, पितांबराचा पिवळा, आणि सगळीकडे सोनेरी चमकी. मी कंगवा आणला. ब्रशची रांग न् रांग विंचरली. टोकांच्या टोप्या काढल्या, जिथं केस हमखास अडकतात. एकही पांढरा केस नाही. रुमाल बाजूला घडी घातलेला तसाच पडून होता.

आमचे हे पेपर घेऊन बसले होते. म्हणाले, "अगं, कारखान्याचं घर ते. थोडी धूळ येणारच."

"धूळ येईल," मी म्हटलं. "पण केस कुठे गेले?"

पेपर खाली ठेवून ते माझ्याजवळ येऊन बसले. मला रडू नाही आलं. मला संताप आला. माझ्या गळ्याची शपथ घेतली होती त्यानं. मी त्याचं कौतुक गावभर सांगत होते आणि तो ते ऐकून घेत होता. माझ्या हातचं जेवून, डबा घेऊन गेला होता. त्याच्याकडे बोलायला चांगला अर्धा दिवस होता. मला फसवलं होतं, आणि तेही पुसून लख्ख करून.

त्याच बैठकीत मी नवा पट्टा बसवला. ब्रश सुईनं कोरून साफ केला. पट्टा आधी मोटरच्या दांड्यात अडकवला, मग ब्रशच्या खाचेत, अंगठ्यानं ताणून ब्रश जागेवर दाबला, पीळ पडला नाही ना ते हातानं फिरवून पाहिलं, स्क्रू लावले. बटण दाबलं तर पहिल्या दिवसासारखं घुमलं. पुढच्या शनिवारी शाळा सुटल्यावर मी मशीन उचललं आणि पॅसेंजर धरली. आयुष्यात पहिल्यांदा माहेरी फोन न करता गेले.

रस्त्याकडच्या खोलीचं दार उघडंच होतं. आत गणपती. दिवाळीनंतर पुढच्या वर्षाचं काम सुरू होतं, तसं ते झालेलं होतं. जमिनीवर, खिडकीत, आईच्या पलंगावर आडव्या टाकलेल्या फळ्यांवर, पांढऱ्या कच्च्या गणपतींच्या रांगा. पलंगावरचे गणपती तर तिची उशी असायची तिथपर्यंत आले होते. भावजय पॉलिश पेपर घेऊन उंबऱ्यात बसली होती. मला बघून तिचा हात थांबला.

"ताई, फोन नाय केलात?"

"नाय केला."

भाऊ मागून हात पुसत आला. माझ्या हातातलं मशीन बघितलं आणि त्याला कळलं. मी ट्यूबची तुटकी पट्टी पर्समधून काढून त्याच्या तळहातावर ठेवली. "हे कुठल्या खोलीत तुटलं?"

"रंगाच्या खोलीत," तो म्हणाला. "ताय, आईनंच नेववलं तिथं. गणपतीच्या डोळ्यांची आखणी करताना ओल्या रंगावर धूळ बसते, माल परत येतो. ती म्हनाली, मी काय पडूनच आसते, मला कशाला मशीन, तिकडं न्या."

"आणि मला फोनवर 'रोज, रोज' म्हणून सांगायची ते?"

"ते पन तीच म्हनाली. बायला कळू देव नका. कळलं तर येल आनि घेऊन जाईल."

"आणि ही खोली? आई असताना पण हे गणपती इथंच होते?"

भावजय खाली मान घालून म्हणाली, "तुमचा फोन आला की त्याच आमच्या मागं लागायच्या. उचला रे, बाय येतेय. मग सगळं मागं न्यायचो. फरशी पुसायचो. मशीन आनून ठेवायचो." हातातला पॉलिश पेपर तिनं खाली ठेवला. "आनि त्या घासायच्या पन, ताई. लहान गणपती. पलंगावर बसून. नको म्हटलं तरी. रिकामं बसवत नाय म्हनायच्या."

भावावर चिडायची मला सवय आहे, त्याला धपाटे घालतच मी मोठी झाले. पण आईवर कसं चिडायचं, आणि तेही ती गेल्यावर? तरी मी चिडले, आणि आजही लपवत नाही. माझी आई दर रविवारी माझ्याशी खोटं बोलली. धाप लागलेली असताना, ओरडून, 'रोज' म्हणाली. मुलाच्या गणपतींचे डोळे नीट यावेत म्हणून तिनं माझं मशीन दिलं, स्वतःची हवा दिली आणि मला गप्प बसवायला खोटं दिलं. पाहुणे येणार म्हटलं की घर आवरतात. त्या घरात मी पाहुणीच होते, फक्त हे मला कुणी सांगितलं नव्हतं.

मी मशीनचा प्लग लावला आणि भावाला म्हटलं, "मी यायच्या आधी उचलायचात ना, तसे उचला."

दोघांनी फळ्या बाहेर नेल्या. पलंग सरकवला. पलंगाखाली आईची सतरंजी गुंडाळी करून ढकललेली होती, ती मी उलगडली. मग मशीन फिरवलं. भिंतीच्या कडेनं, पलंगाच्या पायांपाशी, कपाटामागे, आणि शेवटी सतरंजीवर, पुन्हा पुन्हा. पट्टा कुठे घसरला नाही. खोलीतली धूळ आधी उठायची, मग मशीनमध्ये जायची. भाऊ दारात उभा होता. मी बटण बंद केलं, मशीन आडवं केलं आणि तळाचे स्क्रू काढले.

ब्रशला आईचे केस गुंडाळलेले होते. पांढरे, लांब, प्लॅस्टरच्या धुळीनं आणखी पांढरे झालेले.

भाऊ खाली बसला. त्यानं हात पुढे केला, पण शिवायचं धाडस झालं नाही. भावजयीनं पदर तोंडाला लावला. मला तेव्हा रडू आलं आणि मी ते आवरलं नाही.

मी पट्टा सोडवला, ब्रश काढून घेतला आणि रुमालात गुंडाळला. मशीन त्यांच्यापुढे सरकवलं. "हे ठेवा. ब्रशाशिवाय पण धूळ ओढतं. तुमच्या कामाला तेवढं पुरेल." भाऊ "ताय, ताय" करत फाटकापर्यंत आला. मी जेवले नाही, चहाही घेतला नाही. गाडीत बसल्यावर लक्षात आलं की पट्टा हरवू नये म्हणून मी तो मनगटात चढवला होता आणि तो बांगड्यांच्या मागे तसाच राहिला होता.

बोलणं आम्ही तोडलं नाही. बहीणभाऊ असं तोडत नाहीत. पुढे कधीतरी एका रविवारी त्याचाच फोन आला. इकडचं तिकडचं झालं, पावसाचं झालं. मग आवाज उतरवून म्हणाला, "ताय, आईची खोली आता रिकामी ठेवलीय. फळी जात नाय तिथं. मी स्वतः झाडतो. रोज."

"रोज?" मी विचारलं.

"रोज," तो म्हणाला. "तू येतेस कधी?"

मी म्हटलं, "येईन." कधी ते सांगितलं नाही.